गृहकर्जाची खरी किंमत : हप्ता, मुदत आणि वेळापत्रकातील १४३ वी ओळ

नौपाडेकर

गेल्या रविवारी माझा भाचा बँकेचे मंजुरीपत्र घेऊन घरी आला. घोडबंदर मार्गावर कासारवडवलीजवळ बांधकाम चालू असलेल्या एका इमारतीत त्याने ६८ लाखांचे वन बीएचके पाहिले आहे. कर्ज ५० लाखांचे, मुदत २० वर्षांची, व्याजदर साडेआठ टक्के आणि हप्ता ४३,३९१ रुपये. दोघांच्या पगारातून हप्ता निघतो, मग मामा, अडचण काय, असे त्याचे म्हणणे. अडचण काहीच नव्हती. मी आयुष्यभर जमाखर्च लिहिण्याची नोकरी केली असल्यामुळे मला फक्त परतफेडीचे पूर्ण वेळापत्रक पाहायचे होते आणि नेमके तेच त्याच्या पिशवीत नव्हते. हप्ता त्याला पाठ होता, व्याजदर पाठ होता. वीस वर्षांत एकूण किती भरायचे, हा आकडा त्याने कधी काढलेलाच नव्हता.

संगणकावर वेळापत्रक तयार करून आम्ही छापून घेतले. २४० ओळींची सहा पाने जेवणाच्या टेबलावर ओळीने मांडली. पहिल्या ओळीत ४३,३९१ रुपयांपैकी व्याज ३५,४१७ आणि मुद्दल ७,९७४. भाच्याने बोट ठेवून ती ओळ दोनदा वाचली. पहिल्या वर्षी एकूण ५ लाख २० हजारांहून अधिक भरायचे आणि मुद्दल कमी व्हायचे ते ९९,५११ रुपयांनी, म्हणजे लाखानेसुद्धा नाही. पाच वर्षांत २६ लाख ३ हजार भरून झाल्यावर शिल्लक कर्ज ४४ लाख ६ हजार. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा पहिल्यांदा मोठा होतो तो १४३ व्या ओळीत, अर्थात बारावे वर्ष संपता संपता. कर्ज निम्म्यावर येते ते १६६ व्या हप्त्यानंतर, म्हणजे तेरा वर्षे दहा महिन्यांनी. शेवटच्या पानावरची बेरीज १ कोटी ४ लाख १४ हजार. पैकी व्याज ५४ लाख १४ हजार.

येथे एक गैरसमज दूर करायला हवा. बँक आपले व्याज आधी वसूल करून घेते आणि मुद्दल मागे ठेवते, असे बरेच जण रागाने म्हणतात. तसे काही नसते. दर महिन्याला जितकी शिल्लक असेल तितक्यावरच व्याज लागते. सुरुवातीला शिल्लक मोठी म्हणून व्याज मोठे आणि हप्ता सगळीकडे सारखा ठेवलेला असल्यामुळे मुद्दलाला उरते ते थोडे. गणितात लबाडी नाही. आपण मात्र ते गणित पाहत नाही, कारण विक्रीच्या कार्यालयात आपल्याला विचारतात ते एकच : महिन्याला किती झेपेल?

या प्रश्नात खरी गोम आहे, कारण हप्ता झेपवण्यासाठी जी गोष्ट वाकवली जाते ती म्हणजे मुदत. हेच ५० लाख याच दराने १५ वर्षांत फेडले, तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८ लाख ६३ हजार. २५ वर्षांत हप्ता ४०,२६१ आणि व्याज ७० लाख ७८ हजार. ३० वर्षांत हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८ लाख ४० हजार. पंचविसावरून तिसावर गेल्याने महिन्याला १,८१५ रुपये हलके होतात आणि त्यापोटी साडेसतरा लाखांहून अधिक व्याज वाढते. विक्री करणाऱ्या गृहस्थांनी भाच्याला अगदी आपुलकीने सांगितले होते की, हप्ता जड वाटला तर आपण मुदत तीस करून घेऊ.

कर्जाबाहेरचा खर्च वेगळाच आहे. ठाण्यात मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे ४ लाख ७६ हजार. नोंदणी शुल्क ३० हजार. बांधकाम चालू असलेल्या आणि ४५ लाखांवरील घराला ५ टक्के जीएसटी, म्हणजे ३ लाख ४० हजार. हे साडेआठ लाख भाच्याच्या मंजूर कर्जात नाहीत; मुद्रांक आणि नोंदणी तर कर्जाचे प्रमाण ठरवताना घराच्या किमतीत धरलीच जात नाही. ते स्वतःच्या १८ लाखांच्या वर, रोख लागतात. त्यामुळे अनेक जण येथेच दुसरे, वैयक्तिक कर्ज काढतात आणि त्याचा दर गृहकर्जाहून बराच अधिक असतो.

माझी विनंती अशी आहे की, ज्यांनी ठाण्यात किंवा नवी मुंबईत कर्ज घेऊन काही वर्षे फेडले आहे त्यांनी आपापल्या अनुभवातले आकडे या चर्चेच्या धाग्यात मांडावेत. मंजुरीपत्रात न दिसणारे आणखी काय काय निघते, हे भाच्याला महिन्याभरात ठरवायचे आहे.

पाचपाखाडी

नौपाडेकर काका, आपण साडेआठ टक्के वीस वर्षे स्थिर धरले आहेत. माझ्या कर्जाने ते गृहीतक सोळा महिन्यांत मोडून काढले, म्हणून सविस्तर लिहिते.

डिसेंबर २०२१ मध्ये आम्ही ४० लाखांचे कर्ज ६.७ टक्क्यांनी, २० वर्षांसाठी घेतले. हप्ता ३०,२९६ रुपये. पहिल्या हप्त्यात मुद्दलाला ७,९६३ रुपये गेले. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या व्याजदराची, गृहकर्जे बँकेबाहेर ठरणाऱ्या एखाद्या दराला जोडलेली असतात. आमचे रेपो दराला, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते त्या दराला, जोडलेले होते आणि दर तीन महिन्यांनी ते नव्याने ठरत असे. तेव्हा रेपो ४ टक्के होता. ४ मे २०२२ रोजी रिझर्व्ह बँकेने वाढ सुरू केली आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये तो साडेसहा झाला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. हप्ता मात्र ३०,२९६ रुपयेच राहिला आणि आम्ही खुळ्यासारखे समाधान मानले की आपल्याला झळ लागली नाही.

एप्रिल २०२३ चे विवरणपत्र मी सहज उघडले. शिल्लक ३९ लाख २७ हजार, दर ९.२ टक्के, त्या महिन्याचे व्याज ३०,१०७ आणि मुद्दलात जमा १८९ रुपये. तीस हजार भरून कर्ज कमी झाले होते ते दोन जणांच्या मिसळपावाएवढे. त्या गतीने कर्ज फिटायला ५५ वर्षे लागली असती. बँकेने अर्थातच तसे होऊ दिले नाही. पुढच्याच महिन्यात मुदत एकूण ३० वर्षांपर्यंत ताणली आणि हप्ता ३२,४५३ केला. संदेश आला तो दोन ओळींचा, त्यात नवा हप्ता ठळक होता. उरलेले हप्ते ३४४, हे शाखेत जाऊन विचारल्यावर कळले. शेवटचा हप्ता भरेन तेव्हा मी ६४ वर्षांची असेन.

मूळ मुदत कायम ठेवली असती तर हप्ता ३६,७४८ झाला असता. महिन्याला सुमारे ४,३०० रुपयांचा फरक. दर तसाच राहिला असता तर ३४४ हप्त्यांची बेरीज १ कोटी ११ लाख आणि २२४ हप्त्यांची ८२ लाख. दोहोंत २९ लाखांचे अंतर, आणि त्या अंतरावर आमची सही कोणी मागितलेली नव्हती.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढले की, दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, याचा पर्याय कर्जदाराला दिलाच पाहिजे. ते लागू होताच आम्ही अर्ज देऊन हप्ता वाढवून घेतला. तोवर काही महिने वाया गेले होते. माझ्या मते फ्लोटिंग कर्ज घेणाऱ्याने दर तीन महिन्यांनी फक्त एक आकडा पाहावा : उरलेले हप्ते किती. व्याजदर पाहूनही ते कळत नाही, हप्ता पाहून तर नाहीच.

शंकासूर

धाग्याचा सूर पटतो, पण ‘एक कोटी चार लाख’ हा आकडा दाखवून लोकांना घाबरवणे मला पटत नाही. आजचा रुपया आणि २० वर्षांनंतरचा रुपया यांची बेरीज करणे म्हणजे हापूस आणि रायवळ एकाच टोपलीत मोजणे होय. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर शेवटच्या वर्षातला ४३,३९१ रुपयांचा हप्ता आजच्या साडेसोळा हजारांच्या आसपास भरतो. सगळे हप्ते आजच्या पैशात आणून बेरीज केली तर ती ६५ लाख ७५ हजार येते; म्हणजे खरा जादा भार १५ लाख ७५ हजार. तीस वर्षांच्या मुदतीचा हिशेब असाच केला तर ७१ लाख ६२ हजार. काकांनी दाखवलेला वीस आणि तीस वर्षांमधला ३४ लाखांचा फरक आजच्या पैशात सहा लाखांपर्यंत खाली येतो.

दुसरे असे की, घरात राहायचे तर भाडे द्यावेच लागते. ते वाचते, हे कोणी धरतच नाही. आमच्या संकुलात तशाच घराचे भाडे २२ हजार आहे. पहिल्या वर्षी व्याज महिन्याला ३५ हजार आहे, म्हणजे विकत घेणारा तोट्यात दिसतो. पण भाडे दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढते आणि व्याज उतरते. सातव्या वर्षाच्या आसपास दोन्ही तीस हजारांवर भेटतात, त्यानंतर भाडेकरूच अधिक देतो. तेव्हा खरी किंमत पाहायची तर व्याजातून भाडे वजा करून पाहा.

नौपाडेकर

शंकासूर, आपला हिशेब तपासला आणि तो बरोबर आहे. एकूण बेरजेचा आकडा एकट्याने दाखवणे अपुरे ठरते, हे मान्य करतो. मात्र त्यावर माझ्या दोन शंका आहेत.

तीस वर्षांची मुदत घेणाऱ्याच्या हातात महिन्याला ४,९४५ रुपये जास्त उरतात. आपले सहा लाखांचे उत्तर खरे ठरायला ते पैसे निदान महागाईच्या गतीने वाढत राहायला हवेत. म्हणजे ते बाजूला पडले पाहिजेत. माझ्या पाहण्यात तरी तसे होत नाही. ते मुलांच्या शाळेच्या बसमध्ये आणि सोसायटीच्या मेंटेनन्समध्ये विरून जातात. शिवाय महागाईने हप्ता हलका होतो तो पगार महागाईबरोबर वाढला तरच. पाचपाखाडीताईंच्या बाबतीत तर दर वाढला तो महागाई वाढली म्हणूनच, आणि पगार वाढण्याआधीच हप्ता वाढला.

भाड्याच्या बाजूने एवढेच जोडतो की, मालकाला व्याजाखेरीज मालमत्ता कर, मेंटेनन्स आणि दुरुस्ती आहे, आणि स्वतःचे जे सव्वीस-साडेसव्वीस लाख पहिल्याच दिवशी गेले त्यांवर मिळणारे व्याजही गेले. ते धरल्यास आपले सातवे वर्ष बरेच पुढे सरकते. घर घेऊ नये असे मी म्हणत नाही. मी स्वतः १९९५ साली दोन आकडी व्याजाने घर घेतले आणि त्याच घरात बसून हे लिहीत आहे.

ऐरोलीकर

मंजुरीपत्रात न दिसणारे काय, असे विचारले आहे म्हणून लिहितो. मंजुरी झाली, सगळ्या सह्या झाल्या आणि कर्ज वितरणाच्या दिवशी मला सांगण्यात आले की, कर्जाला विमा जोडावा लागेल, नाहीतर धनादेश आज निघणार नाही. बिल्डरने दिलेली मुदत दुसऱ्या दिवशी संपत होती. दीड लाखाचा एकरकमी हप्ता, आणि तो रोख द्यायचा नसून कर्जातच मिळवायचा, म्हणून मलाही तो बोचला नाही. मी सही केली.

पुढे घरी हिशेब केला. दीड लाख साडेआठ टक्क्यांनी २० वर्षे म्हणजे महिन्याला १,३०२ रुपये आणि एकूण ३ लाख १२ हजार. म्हणजे दीड लाखाची पॉलिसी मी उधारीवर तीन लाखांहून अधिक देऊन घेतली. त्यातही विम्याचे संरक्षण दरवर्षी कर्जाच्या शिल्लकीप्रमाणे घटत जाणारे होते आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेल्यास ते सोबत येणार की नाही, याचे सरळ उत्तर कोणी दिले नाही. कर्जाला विम्याचे छत्र असावे, याबद्दल दुमत नाही. घरात कमावणारा एकच असेल तर असलेच पाहिजे. पण साधा टर्म विमा, म्हणजे ठरावीक मुदतीचा नुसता जीवनविमा, वेगळा घेता येतो, त्याचा हप्ता दरवर्षी पगारातून जातो आणि त्यावर वीस वर्षे व्याज चढत नाही. कर्जासाठी त्याच बँकेकडून पॉलिसी घेणे बंधनकारक नाही, हे मला त्या दिवशी ठाऊक असते तर मी एक रात्र थांबलो असतो. पॉलिसी हाती आल्यापासून आता ३० दिवसांच्या आत ती परत करता येते. तेही मला नंतर समजले.

भाच्याला सांगा की, ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासोबत ठळक माहितीचा तक्ता देणे सक्तीचे आहे. त्यात प्रोसेसिंग फी, विमा, इतर आकार हे सारे धरून येणारा वार्षिक दर लिहिलेला असतो. जाहिरातीतला साडेआठ आणि तक्त्यातला दर यांत जे अंतर दिसेल, त्याचा जाब सहीच्या आधी विचारावा.

उलव्याहून

काकांच्या भाच्याचे घर बांधकाम चालू असलेल्या इमारतीत आहे, हे वाचून थांबलो. तो खर्च अजून कोणीच लिहिलेला नाही.

आम्ही २०१८ मध्ये उलव्यात घर नोंदवले. बँक पैसे इमारतीच्या मजल्यांप्रमाणे टप्प्याटप्प्याने देते आणि ताबा मिळेपर्यंत दिलेल्या रकमेवरचे नुसते व्याज घेते. त्याला प्री-ईएमआय म्हणतात. समजा ३० लाख दिले गेले असतील आणि दर साडेआठ असेल तर महिन्याला २१,२५० रुपये. तीन वर्षे हे चालले की ७ लाख ६५ हजार होतात आणि त्यातून मुद्दल एका रुपयाने कमी होत नाही. काकांच्या सहा पानांच्या वेळापत्रकाची पहिली ओळ त्यानंतर सुरू होते. त्याच काळात आम्ही नेरुळला भाड्याच्या घरात होतो, म्हणजे एका न बांधलेल्या घराचे व्याज आणि एका बांधलेल्या घराचे भाडे, असे दोन्ही चालू होते. ताबा २०२१ चा ठरला होता, मिळाला २०२३ च्या अखेरीस.

करातही धक्का बसतो. जुन्या करप्रणालीत स्वतःच्या राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट आहे, पण बांधकाम पूर्ण होईपर्यंत ती मागताच येत नाही. आधीचे व्याज नंतर पाच समान भागांत मागायचे आणि तेही त्याच दोन लाखांच्या मर्यादेत. कर्ज घेतलेल्या आर्थिक वर्षाच्या अखेरीपासून पाच वर्षांत बांधकाम पूर्ण झाले नाही तर मर्यादा ३० हजारांवर येते. आम्ही त्या कड्यावरून थोडक्यात वाचलो. आणि ज्याने नवी करप्रणाली घेतली आहे त्याला राहत्या घराच्या व्याजाची वजावट मुळी नाहीच. ‘कर वाचतो’ हे वाक्य विक्रीच्या कार्यालयात अजूनही पूर्वीच्याच उत्साहाने बोलले जाते.

ताब्याला उशीर झाल्यास रेराच्या, म्हणजे स्थावर संपदा नियमनाच्या, कायद्याप्रमाणे बिल्डरकडून प्रत्येक महिन्याचे व्याज मागण्याचा हक्क आहे, महाराष्ट्रात स्टेट बँकेच्या एमसीएलआर या कर्जाच्या पायाभूत दरावर आणखी दोन टक्के या दराने. आमच्या इमारतीतील काही जणांनी तक्रार केली. मी केली नाही. तेव्हा ताबा मिळणे हेच मोठे वाटत होते.

नवखा_कर्जदार

माझे कर्ज मागच्या वर्षीचेच आहे, कोपरखैरण्याला. दिवाळीत बोनस मिळतो. तो कर्जात भरल्यावर बँक विचारते की हप्ता कमी करू की मुदत. काय सांगावे? आणि दंड लागतो का?

नौपाडेकर

वैयक्तिक कर्जदाराच्या फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड नाही. बँकांना तो घेण्यास २०१२ पासूनच मनाई आहे. स्थिर दराचे कर्ज असल्यास करार वाचावा.

हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा, असे मी सांगेन. माझ्याच उदाहरणात दर वर्षाअखेरीस एक जादा हप्ता, म्हणजे ४३,३९१ रुपये, भरत गेल्यास कर्ज वीसऐवजी पावणेसतरा वर्षांच्या आत संपते आणि व्याज सुमारे दहा लाखांनी कमी होते. पहिल्या पाच वर्षांत भरलेल्या जादा रुपयाला जे वजन असते ते शेवटच्या पाच वर्षांतल्याला नसते, कारण तो रुपया उरलेल्या सगळ्या वर्षांचे व्याज अडवतो. मात्र नोकरी डळमळीत असेल किंवा घरात आजारपण असेल, तर आधी सहा महिन्यांचे हप्ते बचत खात्यात असू द्यावेत. कर्जात एकदा गेलेला पैसा गरजेच्या दिवशी परत मागता येत नाही; ओव्हरड्राफ्ट प्रकारच्या गृहकर्जात तेवढी सोय असते, पण त्याचा दर थोडा चढा असतो.

भरल्यानंतर नवे वेळापत्रक हातात घेतल्याशिवाय शाखेतून उठू नका.

खारघरवासी

नवी मुंबईत जुने घर घेणाऱ्यांसाठी थोडे वेगळे. येथील बहुतेक जमीन सिडकोची, ६० वर्षांच्या भाडेपट्ट्यावर. मी वाशीतील १९८० च्या दशकातल्या इमारतीत घर घेतले तेव्हा बँकेने पहिला प्रश्न विचारला तो पट्ट्याची किती वर्षे उरली आहेत, आणि त्यानुसार मुदत पंधरा वर्षांवर आणली. तेव्हा वाईट वाटले होते. वरचे आकडे वाचून आता तितके वाटत नाही. याखेरीज सिडकोचे हस्तांतरण शुल्क, घर बँकेकडे तारण ठेवण्यासाठी सिडकोचे ना-हरकत पत्र, आणि ते येईपर्यंत विक्रेत्याने मागितलेली वाढीव मुदत. ना-हरकत पत्राला माझ्या बाबतीत दीड महिना गेला आणि तेवढे जुन्या घराचे भाडे अधिक पडले. पुढे कमी दरासाठी कर्ज दुसऱ्या बँकेत नेले तेव्हा त्या बँकेच्या नावे पुन्हा नवे पत्र आणावे लागले, प्रोसेसिंग फी वेगळी, वकिलांचा शोध अहवाल वेगळा आणि तारणाच्या नोटिशीचे मुद्रांक शुल्क पुन्हा, ज्याला पन्नास लाखांच्या कर्जावर दहा-पंधरा हजार लागतात. अर्धा टक्का दर कमी मिळाला, पण पहिल्या वर्षाची बचत या कागदांनीच खाल्ली.

पाचपाखाडी

खारघरवासींच्या अनुभवाला जोडून : दुसऱ्या बँकेत जाण्याआधी स्वतःच्या बँकेला एक अर्ज देऊन पाहावा. रेपोवर बँक जो अधिभार लावते तो नव्या ग्राहकाला कमी आणि जुन्याला जास्त, असे सर्रास असते, आणि थोडे शुल्क भरून तो कमी करून मिळतो. आम्हाला तसा मिळाला. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जूनदरम्यान रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला तेव्हा आमचा हप्ता तसाच राहिला आणि हप्त्यांची संख्या घटली. या वेळी मात्र ती आम्ही स्वतः मोजून पाहिली.

आणखी एक : भाच्याच्या पत्नीच्या एकटीच्या नावे घर घेतल्यास मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. पण मग घरात मालकी नसलेल्या पतीला त्याच्या हप्त्याची करवजावट मागता येत नाही. दोन्ही बाजू मांडून ठरवावे.

नौपाडेकर

महिना होत आला, म्हणून कळवतो. भाच्याने हा धागा पत्नीसह वाचला. उलव्याहून आलेला प्रतिसाद दोघांनी दोनदा वाचला, असे तिने सांगितले.

कासारवडवलीचे घर त्यांनी सोडले. वर्तकनगरच्या बाजूला वीसेक वर्षांच्या इमारतीत, भोगवटा प्रमाणपत्र असलेले ६० लाखांचे घर घेत आहेत. तलाव दिसत नाही, पोहण्याचा हौदही नाही, लिफ्ट मात्र आहे. जीएसटी नाही, ताब्याची वाट पाहणे नाही, प्री-ईएमआय नाही. मुद्रांक शुल्क ४ लाख २० हजार. सोसायटीचे हस्तांतरण अधिमूल्य २५ हजारांच्या वर घेता येत नाही, हे सचिवांना नम्रपणे आठवण करून द्यावे लागले. स्वतःजवळचे साडेसव्वीस लाख तेच, आणि दलाली, रंगकाम, स्वयंपाकघराचा ओटा यांसाठी थोडे राखून कर्ज ४२ लाखांचे घेतले आहे, १५ वर्षांसाठी. हप्ता ४१,३५९ रुपये. म्हणजे आधीच्या हप्त्यापेक्षा दोन हजारांनी कमीच. एकूण भरणा ७४ लाख ४५ हजार. विमा वेगळा, टर्मचा.

शाखेतील अधिकाऱ्याने ठळक माहितीचा तक्ता दिला, पण वेळापत्रक ‘ॲपवर दिसेल’ असे म्हटले. भाच्याने छापील प्रत मागितली आणि ती मिळेपर्यंत खुर्चीत बसून राहिला. काल रात्री ती पाने टेबलावर पसरून आम्ही ती ओळ पुन्हा शोधली, जेथे मुद्दलाचा वाटा व्याजाच्या पुढे जातो. या वेळी ती ८३ वी निघाली. त्याच्या पत्नीने शिसपेन्सिलीने तिच्याखाली रेघ मारली आणि समासात मुलीचे त्या वर्षी किती वय असेल ते लिहिले.